आईच्या गुडघ्याच्या वाट्या बदलायच्या आहेत. सांध्याभोवती बधिरतेचं इंजेक्शन घ्यावं का?

मंजिरी_सांगली (२२ जुलै, रात्री १०:१४)

नमस्कार मंडळी. आई ६६ वर्षांची, वजन ५८ किलो. शुगर जुनी, गोळ्यांवर आहे. बीपीची एक गोळी सकाळी. दोन्ही गुडघे गेलेत, डावा जास्त. एक्स-रेत हाडाला हाड टेकलेलं मलासुद्धा दिसलं. मिरजेतल्या सर्जननी दोन्ही वाट्या बदलायला सांगितल्यात. "एकाच वेळी दोन्ही उरकू, म्हणजे गणपतीत आजी घरात चालत्या असतील," असं म्हणाले. तारीख पुढच्या महिन्यातली, ऐन श्रावणातली मिळाली आहे.

आईला ऑपरेशनची भीती नाही, दुखण्याची आहे. आमच्या गल्लीतल्या एका आजींचं हेच ऑपरेशन पूर्वी झालं तेव्हा पहिल्या रात्री त्यांनी वॉर्ड डोक्यावर घेतला होता, आणि ते सगळं वर्णन आईने त्यांच्याच तोंडून ऐकलंय. म्हणून मी सर्जनना थेट विचारलं. ते म्हणाले, "टाके घालायच्या आधी गुडघ्याभोवती कॉकटेल इंजेक्शन मारतो. काही दुखणार नाही." एवढं बोलून पुढच्या पेशंटकडे वळले. अंदाजपत्रकात त्याची वेगळी ओळ आहे, पण त्यात नक्की काय असतं हे कुठेच लिहिलेलं नाही.

घरी येऊन नेटवर शोधलं. बधिरतेचं औषध सांध्यात सोडलं की कूर्चा (हाडांच्या टोकांवरचा गुळगुळीत थर) मरते आणि ती परत येत नाही, असं दोन-तीन ठिकाणी वाचलं. नवऱ्याचा मामेभाऊ अमेरिकेत असतो, तो म्हणतो तिकडे यावरून कोर्टात खटले झालेत. आता सर्जनना "नको" म्हणू का? की पाठीत नळी ठेवतात ती पद्धत बरी? भावाचं म्हणणं, डॉक्टरांना इतकं विचारायचं नसतं. मला ते पटत नाही.

कृष्णाकाठ (२२ जुलै, रात्री १०:४०)

माझ्या मावशीला दिलं होतं. संध्याकाळी वॉकर घेऊन बाथरूमला गेली. बिनधास्त घ्या.

उशाकडचा_डॉक्टर (२२ जुलै, रात्री ११:५५)

मंजिरीताई, मी भूलतज्ज्ञ आहे. सातारा-कराड पट्ट्यातल्या लहान-मोठ्या हॉस्पिटलांत फिरून भूल देतो. सर्जन गुडघ्याकडे उभा असतो, मी उशाकडे. पेशंट ऑपरेशनभर जे काही बोलतो ते मलाच ऐकू येतं. तुमच्या भावाला सांगा, विचारायचंच असतं. फक्त प्रश्न बदलायला हवा.

आधी कूर्चेचं. तुम्ही वाचलंत ते खोटं नाही. २००० च्या दशकात अमेरिकेत खांद्याच्या दुर्बिणीच्या ऑपरेशननंतर सांध्यात बारीक नळी ठेवून, फुग्यासारख्या पंपातून बधिरतेचं औषध दोन-तीन दिवस सतत सोडायची टूम निघाली होती. पेशंट बहुतेक तरुण. काही महिन्यांत त्यांचा खांदा दुखायला लागला, आखडला, आणि तपासलं तर कूर्चा विरघळलेली. नोव्हेंबर २००९ मध्ये तिथल्या औषध प्रशासनाने, म्हणजे एफडीएने, अशा ३५ रुग्णांच्या नोंदी तपासून इशारा काढला. त्यातले जवळजवळ सगळे खांद्याचे होते, आणि निम्म्याहून जास्त जणांना पुन्हा काही ना काही ऑपरेशन लागलं. कंपन्यांना औषधाच्या माहितीपत्रकात तसं छापायला लावलं. खटले झाले ते याच पंपांवरून. मामेभाऊ बरोबर सांगतोय.

पण तुमच्या आईच्या गुडघ्यात ती कूर्चा शिल्लक तरी कुठे राहणार आहे? वाट्या बदलतात म्हणजे मांडीच्या हाडाचं खालचं टोक आणि नडगीच्या हाडाचं वरचं टोक कूर्चेसकट कापून काढतात, त्यावर धातू बसवतात, मध्ये प्लॅस्टिक. पुढच्या हलत्या वाटीची मागची बाजू काही सर्जन तशीच ठेवतात, तेवढी कूर्चा राहते. तिथेही औषध एकदाच दिलेलं असतं, आणि ते सांध्याच्या पोकळीत साठवायचं नसून भोवतालच्या मांसात, पडद्यात, कातडीखाली थोडं थोडं टोचायचं असतं. दोन दिवस ठिबकत राहणारा पंप आणि ही टोचणी यांची गल्लत करू नका. या कारणासाठी "नको" म्हणायची गरज नाही.

आता त्यात असतं काय. मुख्य औषध रोपिव्हाकेन किंवा बुपिव्हाकेन, म्हणजे नस बधिर करणारं. सोबत किंचित अॅड्रिनलिन, त्याने रक्तवाहिन्या आवळतात आणि औषध जागच्या जागी जास्त वेळ टिकतं. बहुतेक ठिकाणी केटोरोलॅक, म्हणजे सूज-वेदना कमी करणारं. काही सर्जन स्टेरॉइड घालतात, काही मॉर्फिन, काही अँटिबायोटिक. प्रत्येकाची आपली पाककृती असते. न्यूयॉर्कचे डॉ. चित्तरंजन राणावत, ज्यांनी २००० आणि २००१ साली मुंबईच्या ब्रीच कँडीत वाजपेयींचे गुडघे बदलले, त्यांच्या नावाचं एक कॉकटेल अस्थिरोग मंडळींत प्रसिद्ध आहे. सिडनीच्या केर आणि कोहान या दोघांनी २००८ मध्ये खुब्याच्या आणि गुडघ्याच्या ३२५ रुग्णांचा अनुभव छापला. त्यात बहुतेक जण पाच-सहा तासांत आधाराने चालले होते. त्यांनी सांध्याजवळ बारीक नळी ठेवून दुसऱ्या दिवशी आणखी एक डोसही दिला होता, हे मात्र सांगताना गाळलं जातं. आपल्याकडे नळी क्वचितच ठेवतात, जंतूंच्या भीतीने, आणि मला ते योग्यच वाटतं.

सर्जन धातू बसवायच्या आधीच गुडघ्याच्या मागच्या पडद्यात औषध टोचतो, कारण एकदा धातू बसला की तिथे सुई पोचत नाही. मागे मोठी रक्तवाहिनी असते, बाहेरच्या अंगाला पंजा उचलणारी नस. त्यामुळे दर वेळी सुई मागे ओढून, रक्त येत नाही ना बघून मगच औषध. हे काम संथपणे करणारा सर्जन मला आवडतो. घड्याळाकडे बघत करणाऱ्याला मी उशाकडून हळूच टोकतो.

तुम्ही खरं विचारायला हवं ते वेगळंच आहे. एकाच वेळी दोन्ही गुडघे करायचे म्हणताय. बधिरतेच्या औषधाची मर्यादा माणसाच्या वजनावर असते, गुडघ्यांच्या संख्येवर नाही. रोपिव्हाकेन ढोबळमानाने किलोला ३ मिलिग्रॅम. ५८ किलोला झाले १७४ मिलिग्रॅम. ०.२ टक्क्याचं औषध असेल तर दर मिलीलिटरात २ मिलिग्रॅम, म्हणजे एकूण ८७ मिलीलिटर. हे दोन्ही गुडघे धरून, आणि मांडीत ब्लॉक (नसेजवळ सुई देऊन तेवढा भाग बधिर करणं) दिला तर तोही याच हिशेबात. बुपिव्हाकेन असेल तर मर्यादा आणखी कमी, किलोला २ च्या आसपास. डाव्याला पूर्ण आणि उजव्यालाही पूर्ण, असं केलं की औषध रक्तात चढतं. तोंडाभोवती मुंग्या, जिभेवर लोखंडासारखी चव, कानात गुणगुण, मग झटके, आणि वाईटात वाईट म्हणजे हृदयाचे ठोके बिघडणं. सहसा होत नाही, पण होतं. त्यावर उतारा आहे: २० टक्क्यांचं लिपिड, दुधासारखं पांढरं सलाईन. ते थिएटरात, हाताशी असलं पाहिजे. औषधाच्या दुकानातून मागवायला वेळ नसतो.

आईची क्रिएटिनिन, म्हणजे किडनीची रक्ततपासणी, किती आहे? शुगर जुनी म्हणून विचारतोय.

मंजिरी_सांगली (२३ जुलै, सकाळी ७:३०)

डॉक्टर, इतकं सविस्तर कुणी सांगितलं नव्हतं, आभार. रिपोर्ट काढून बघितला, क्रिएटिनिन १.५ आहे. त्या शेजारी लॅबवाल्यांनी बाण काढलाय. फिजिशियननी "चालेल" म्हणून फिटनेस दिला. भूलतज्ज्ञांना आम्ही अजून भेटलोच नाही, ते म्हणे ऑपरेशनच्या दिवशीच येतात.

उशाकडचा_डॉक्टर (२३ जुलै, दुपारी ३:०५)

फिटनेस मिळाला म्हणजे ऑपरेशन होऊ शकतं, एवढंच. कोणती औषधं टाळायची हे त्यात येत नाही. १.५ क्रिएटिनिन असलेल्या ६६ वर्षांच्या बाईला केटोरोलॅक मी देणार नाही. कॉकटेलमध्येही नाही आणि नंतर सलाईनमधूनही नाही. त्याच जातीचं डायक्लोफेनॅकही नको, दोन्ही किडनीला जड जातात. केटोरोलॅक वगळूनही कॉकटेल काम करतं, थोडं कमी. स्टेरॉइड घातलं तर पुढचे दोन-तीन दिवस शुगर उडी मारते, आणि ताज्या जखमेला ते नको असतं. हेही बोलून घ्या.

दोन्ही गुडघे एकदम करण्याबद्दल माझं मत स्पष्ट आहे, इतर डॉक्टर वेगळं सांगतील. धडधाकट पन्नाशीच्या माणसाचे एकदम करायला माझी हरकत नसते. एकदाच भूल, एकदाच रजा, खर्चही कमी. तुमच्या आईची शुगर, बीपी आणि किडनी बघता मी आधी डावा करा म्हणेन. रक्त कमी जाईल, आणि बधिरतेच्या औषधाचा पूर्ण वाटा एकाच गुडघ्याला मिळेल.

आणि भूलतज्ज्ञांना आधी भेटायचं म्हणून सांगा. आम्ही गावोगाव फिरणारे लोक, पण फोन घेतो. फार तर पाच मिनिटं द्यायला रडू.

पाठीतल्या नळीचं राहिलं होतं. एपिड्युरल ही जुनी, चांगली पद्धत. मीही पुष्कळ वर्षं ठेवत होतो. पण त्यात दोन्ही पाय जड होतात, बीपी खाली येतं, लघवी अडते म्हणून नळी लावावी लागते, आणि रक्त पातळ करायच्या औषधांशी वेळा जुळवत बसावं लागतं. ज्या पेशंटला त्याच संध्याकाळी उभं करायचं आहे त्याला पलंगाशी बांधून ठेवणारी पद्धत कशाला?

नव्वद_अंश (२३ जुलै, रात्री ९:२०)

मी फिजिओथेरपिस्ट, कोल्हापूर. वरच्या डॉक्टरांशी सहमत, पण पेशंटला भूल उतरल्यावर जे दिसतं ते मी सांगते.

पूर्वी जांघेत ब्लॉक द्यायचे. दुखणं छान थांबायचं, पण मांडीतली ताकदही जायची. पेशंट उभा राहिला की गुडघा मिटून खाली. रात्री कुणाला न सांगता संडासला गेलेले आजोबा पडायचे, आणि नवी वाटी बसवलेला गुडघा पडण्यात दुखावणं म्हणजे काय ते मी बघितलंय. कॉकटेल आल्यापासून आमचं काम सोपं झालं. मांडी आवळता येते, त्याच संध्याकाळी वॉकरवर दोन पावलं होतात.

एक गोष्ट मात्र कुणी सांगत नाही. मागच्या बाजूला दिलेलं औषध कधी कधी पंजा उचलणाऱ्या नसेपर्यंत पसरतं आणि काही तास पंजा लोंबतो. घरचे घाबरतात. बहुधा औषध उतरलं की पंजा येतो, पण तोपर्यंत उभं करायचं नाही. मी पलंगावरच "अंगठा नाकाकडे ओढा" म्हणून बघते, मग दुसरं काय ते. आणि सकाळपर्यंत पंजा आला नाही तर सर्जनला कळवायचं, "येईल हळूहळू" म्हणून बसायचं नाही.

दुसरं, गुडघ्याखाली उशी घेऊ नका. बरं वाटतं म्हणून घरचे लगेच सरकवतात, आणि गुडघा वाकलेलाच आखडतो. उशी घोट्याखाली. टाचही बधिर असू शकते, तिच्यावर सतत भार राहिला तर फोड येतो. आईला शुगर आहे तर रोज टाच बघा.

मंजिरीताई, आईंनी अलीकडे ओपीडीत गुडघ्यात इंजेक्शन घेतलं होतं का? बऱ्याच जणी घेतात आणि सांगायचं राहून जातं.

कागलच्या_बाई (२३ जुलै, रात्री ९:५८)

मंजिरी, मी निवृत्त मराठी शिक्षिका. उजवा गुडघा गेल्याच्या गेल्या वर्षी बदलला, इंजेक्शन घेऊनच. तुझ्या आईला माझं सांगणं वाचून दाखव.

पाठीत सुई दिली, तिचं दुखणं मच्छर चावल्याएवढं. हातोड्याचे आवाज सगळे ऐकू येत होते, सुतारकामच चालू आहे की काय असं वाटत होतं, पण कळ नाही. संध्याकाळी मी चहा प्याले, चार पावलं चालले, मुलाला म्हटलं, ह्याला ऑपरेशन म्हणतात होय! रात्री नऊला झोपलेही.

पहाटे साडेतीनला गुडघ्यात ठणका सुरू झाला. हळूहळू वाढत गेला असं नाही, एकदम आला. बेल वाजवली. सिस्टर बाई चांगली होती बिचारी, पण म्हणाली, "मावशी, कागदावर एसओएस लिहिलंय, दुखलं तरच द्यायचं. तुम्ही मागितलंच नाही ना रात्री." मग डॉक्टरांना फोन, मग इंजेक्शन काढणं, मग ते चढणं. साडेपाच झाले. तो दीड-दोन तासांचा काळ मी विसरणार नाही. त्यानंतर वेळेवर गोळ्या मिळत गेल्या तेव्हा पुन्हा तसं झालं नाही. दुखलं, दुखणारच, पण दात आवळून सोसण्याएवढं.

तेव्हा इंजेक्शन जरूर घ्या, पण ते उतरल्यावर काय देणार ते आधीच विचारून ठेवा.

उशाकडचा_डॉक्टर (२४ जुलै, सकाळी ६:१०)

बाईंनी जे लिहिलंय ते छापून प्रत्येक वॉर्डात लावावं असं मला वाटतं.

पाठीतली भूल दोन-तीन तासांत उतरते. कॉकटेल त्यानंतर धरतं, साधारण आठ-बारा तास, कधी थोडं जास्त. सकाळी अकराला ऑपरेशन झालं तर ते उतरायची वेळ नेमकी रात्रीची किंवा पहाटेची येते, जेव्हा वॉर्डात एक सिस्टर आणि बरेच पेशंट असतात. पेशंट संध्याकाळी हसत असतो, त्यामुळे त्याला गोळीची गरज आहे असं कुणालाच वाटत नाही, त्यालाही नाही. आणि कागदावर "एसओएस". या तीन अक्षरांनी जेवढ्या रात्री नासवल्या तेवढ्या कुठल्या गुंतागुंतीने नासवल्या नसतील.

कॉकटेल चालू असतानाच गोळ्या सुरू करायच्या असतात. पॅरासिटामॉल ठरलेल्या वेळी, दुखो वा न दुखो. एवढं साधं औषध, पण ते घड्याळाप्रमाणे दिलं तर पुढच्या तीव्र औषधाची गरज बरीच कमी होते. दर वेळी किती आणि दिवसाला किती वेळा हे वजन आणि लिव्हर बघून तुमचे डॉक्टर लिहितील. त्यावर गरज लागली तर ट्रामाडॉलसारखं काही, पण त्याने वयस्कर बायकांना मळमळ आणि गरगर फार होते, आणि गरगरलेला पेशंट वॉकरवर उभा करता येत नाही. किडनी लक्षात घेऊन त्याचाही डोस जपून. बर्फाची पिशवी कापडात गुंडाळून; फुकट आहे म्हणून लोक तिला किंमत देत नाहीत.

मला सर्जनच्या "काही दुखणार नाही" याच वाक्याचा राग आहे. असं सांगितलं की पहाटेचा ठणका आला की पेशंट म्हणतो काहीतरी बिघडलं. त्यापेक्षा सरळ सांगावं: पहिली रात्र आम्ही सोपी करून देतो, म्हणजे तुम्ही पहिल्याच दिवशी उभे राहाल, पाय हलवाल, पोटरीत रक्ताची गाठ होण्याची भीती कमी होईल. दुखणं पुढचे काही आठवडे थोडंफार राहील, त्याच्या गोळ्या या वेळेला. आईला एवढं कळलं तर गल्लीतल्या आजींची गोष्ट तिच्या मनातून जाईल.

फिजिओताईंच्या जांघेतल्या ब्लॉकबद्दल: खरं आहे. म्हणून आता तो ब्लॉक आम्ही मांडीच्या मध्यावर, सोनोग्राफीत बघून देतो. अॅडक्टर कॅनाल ब्लॉक म्हणतात. तिथे मांडीची ताकद बरीचशी शाबूत राहते. त्याने गुडघ्याची पुढची आणि आतली बाजू शांत होते, मागची होत नाही. मागची बाजू सर्जनच्या कॉकटेलने झाकायची. दोघांनी मिळून केलं तर उत्तम जमतं, फक्त एकत्र हिशेब कुणीतरी ठेवायला हवा. तो मी ठेवतो, थिएटरच्या फळ्यावर खडूने.

कबड्डीवाला_बाप (२४ जुलै, दुपारी १:१५)

मध्येच घुसतो, माफ करा. मुलगा १९ वर्षांचा, कबड्डी खेळतो, खांदा सारखा निखळतो. दुर्बिणीतून शिवायचं ठरलंय. त्यालाही "सांध्यात बधिरतेचं इंजेक्शन देऊ" म्हणालेत. वरचं वाचून आता धडकी भरली. त्याचा काही सांधा बदलायचा नाहीये, कूर्चा तर पूर्ण शाबूत आहे.

उशाकडचा_डॉक्टर (२४ जुलै, रात्री १०:३०)

तुम्ही योग्य ठिकाणी घाबरलात. मंजिरीताईंच्या आईला जो धोका नाही तो तुमच्या मुलाला आहे. एकोणीस वर्षांचा खांदा, चांगली कूर्चा, पुढे पन्नास-साठ वर्षं वापरायची. पंप लावून सांध्यात सतत औषध सोडणं तर नकोच, याबद्दल आता वाद नाही. एकदाच दिलेल्या इंजेक्शनाने तसं नुकसान झाल्याचं सहसा दिसत नाही, पण प्रयोगशाळेत या औषधांनी, विशेषतः तीव्र बुपिव्हाकेनने, कूर्चेच्या पेशी मरताना दिसतात. जितकं तीव्र आणि जितका जास्त वेळ, तितकं नुकसान जास्त. म्हणून काळजीवाले सर्जन ते सांध्याच्या आत न सोडता दुर्बिणीच्या छिद्रांभोवती कातडीखाली टोचतात.

खांद्यासाठी त्याहून चांगलं म्हणजे मानेतला ब्लॉक. सोनोग्राफीने नस बघून मानेच्या बाजूला औषध द्यायचं, सांध्याला हातही लागत नाही. दिल्यावर काही तास हात लुळा राहतो, त्याच बाजूची पापणी थोडी उतरते, आवाज घोगरा होतो, आणि त्या बाजूचं श्वासपटल झोपतं त्यामुळे श्वास थोडा कमी भरतो. तरण्या, धडधाकट पोराला ते जाणवतही नाही. दमेकऱ्याला देताना मात्र विचार करावा लागतो. मुलाला दमा असेल तर सांगा. आणि तोही ब्लॉक रात्री उतरतो, तेव्हा बाईंची गोष्ट त्यालाही लागू. झोपायच्या आधी गोळी, दुखत नसलं तरी.

मंजिरी_सांगली (२५ जुलै, रात्री ८:४५)

नव्वद_अंश ताई, तुम्ही विचारलंत ते आईला विचारलं. ती आधी "नाही" म्हणाली. मग हळूच म्हणाली की जूनच्या अखेरीस गावातल्या डॉक्टरांकडून डाव्या गुडघ्यात एक घेतलं होतं. पूर्ण वारी तिला जमणार नव्हती, पण वाखरीपासून पंढरपूरपर्यंत तरी दिंडीबरोबर चालायचं होतं. चाललीही. घरी कुणालाच माहीत नव्हतं, फक्त बाबांना! चिठ्ठीवर ट्रायअॅम्सिनोलोन असं नाव आहे. यातही बधिरतेचं औषध असतं का?

नव्वद_अंश (२५ जुलै, रात्री ९:१०)

असतं बऱ्याचदा, थोडंसं लिग्नोकेन मिसळतात, पण मुद्दा तो नाही. ट्रायअॅम्सिनोलोन स्टेरॉइड आहे. गुडघ्यात स्टेरॉइड घेतल्यावर निदान तीन महिने तरी वाटी बदलू नये असं सांगतात, कारण जंतुसंसर्गाची शक्यता वाढते. वाटीला संसर्ग झाला तर ती काढून पुन्हा सगळं करावं लागतं. श्रावणातली तारीख मग बरोबर नाही. उद्याच सर्जनना सांगा. आणि तेवढे महिने फुकट घालवू नका, मांडीचे व्यायाम आतापासून सुरू करा. पाय सरळ ठेवून गुडघा गादीत दाबायचा आणि मांडी आवळून धरायची. आधी ताकद असेल तर नंतर माझं काम अर्धं होतं.

उशाकडचा_डॉक्टर (२५ जुलै, रात्री ११:२०)

फिजिओताई, शाबास. मी क्रिएटिनिनपर्यंत गेलो आणि हे विचारायचं माझ्या लक्षात आलं असतं की नाही कोण जाणे. मंजिरीताई, आईला रागावू नका. माझ्या थिएटरात वारीच्या नंतर अशा आजी दरवर्षी येतात.

मंजिरी_सांगली (३० जुलै, सायंकाळी ६:००)

सर्जनना सगळं सांगितलं. स्टेरॉइडचं ऐकून त्यांनी स्वतःच तारीख मागे घेतली, दसऱ्यानंतर ठेवू म्हणाले. "हे आधी का नाही सांगितलं" असं आईला म्हणाले, तेव्हा आई म्हणाली, "तुम्ही कुठे विचारलंत?" मी खाली बघितलं. दोन्ही एकदम करण्याबद्दल ते थोडा वेळ वाद घालत होते, पण क्रिएटिनिनचा कागद पुढे केल्यावर डावा आधी यावर आले.

भूलतज्ज्ञ मॅडमशी फोनवर बोललो, मग त्या स्वतःच म्हणाल्या येऊन भेटा. केटोरोलॅक नको, स्टेरॉइड नको, मांडीतला ब्लॉक आणि वजनानुसार कॉकटेल, हे त्यांनी फाइलवर लिहून दिलं. एसओएस खोडून पॅरासिटामॉलच्या वेळा घातल्या. भावाने (हो, त्यानेच!) लिपिडचं विचारलं तर त्यांनी फ्रीज नाही, कपाट उघडून बाटली दाखवली आणि तारीखही वाचायला दिली.

एकच विचारायचं राहिलं. ऑपरेशनच्या सकाळी बीपी-शुगरच्या गोळ्या द्यायच्या का? मॅडमचा फोन लागत नाहीये.

उशाकडचा_डॉक्टर (३० जुलै, रात्री १०:०५)

दसऱ्याला वेळ आहे, तोवर फोन लागेल. तरी ढोबळ सांगतो. शुगरच्या गोळ्या सहसा त्या सकाळी देत नाहीत, काही गोळ्यांनी उपाशीपोटी साखर घसरते. बीपीची कोणती आहे त्यावर ठरतं. अॅम्लोडिपिन असेल तर घोटभर पाण्याबरोबर चालते. टेल्मिसार्टन किंवा त्या जातीची असेल तर बरेच जण आदल्या दिवसापासूनच थांबवतात, कारण पाठीतल्या भुलीत बीपी फार खाली जातं. गोळीच्या पाकिटाचा फोटो काढून मॅडमना पाठवा आणि त्या म्हणतील तसं करा. शेवटचा शब्द त्यांचा, माझा नाही.